दमणगंगेच्या वाळूतील वाघ

आश्विन वद्य द्वादशीस सिल्वासाच्या आसपासच्या पाड्यांवर वाघबारस पाळतात. दगडावर किंवा लाकडी फळीवर कोरलेला वाघ, वर चंद्र आणि सूर्य, अंगाला शेंदूर, अशी वाघदेवाची मूर्ती रानाच्या कडेला उभी असते. गुराखी तिच्यापुढे नैवेद्य ठेवतात आणि आमची गुरे सांभाळ म्हणून देवाला विनवितात. ज्या वाघाच्या भयाने ही पूजा सुरू झाली असावी, त्याची वस्ती मात्र या रानांत आता उरलेली नाही. माझी मायबोली कोकणी. गोव्याकडेही वाघाला देव मानणारी गावे आहेत. तिकडे त्याला 'वाग' म्हणतात. त्यामुळे येथे नोकरीस आल्यावर पहिल्याच वर्षी वाघबारशीचे नाव कानावर पडले, तेव्हा परमुलखात घरचे माणूस भेटल्यासारखे मला वाटले होते.

विद्यार्थिमित्रहो, या लेखात ज्याच्याविषयी सांगावयाचे आहे तो वाघ अजून आपल्या येथे आहे. त्याची लांबी जेमतेम दीड सेंटिमीटर भरेल. त्याचा ठावठिकाणा मला माझ्याच एका विद्यार्थ्याने, माझी चूक दाखवून, सांगितला. तेव्हा ती चूक आधी सांगणे प्राप्त आहे.

आपल्या शाळेच्या मैदानाच्या पश्चिम कडेस, पाण्याच्या टाकीमागे, तांबड्या मातीचा एक उघडा पट्टा आहे. मुलांच्या पायांनी तुडवून तो इतका घट्ट झाला आहे की पावसाळ्यातही तेथे गवत धरत नाही. गेल्या वर्षी एके दिवशी मी आठवीचा वर्ग झाडाखाली घेतला होता. त्या वेळी या पट्ट्यात पेन्सिल जाईल एवढी वाटोळी भोके कोणाच्या तरी दृष्टीस पडली. "बाई, ही कसली बिळे?" असा प्रश्न आला. मराठी आणि इतिहास शिकविणाऱ्या माणसाने अशा वेळी 'मला ठाऊक नाही' असे म्हणावे. मी म्हणाले, "मुंग्यांची." मागच्या रांगेतील एक वारली मुलगा उठला आणि हळूच म्हणाला, "बाई, मुंग्यांच्या बिळाच्या तोंडाशी मातीचा ढीग असतो. इथे माती कुठे आहे?" प्रश्न बिनतोड होता. मला राग आला, आणि राग आला म्हणूनच मी त्याला धड्याकडे लक्ष द्यावयास सांगितले.

मधल्या सुट्टीत तो गवताची एक लांब काडी घेऊन माझ्याकडे आला. एका बिळात त्याने ती अलगद सोडली आणि उकिडवा बसून वाट पाहू लागला. थोड्या वेळाने काडी आपोआप हलली. त्याने ती झटक्यासरशी वर ओढली, तो तिच्या टोकाला जबड्यांनी घट्ट धरून लोंबकळणारी एक पांढुरकी, कुबड आलेली अळी बाहेर आली. तिचे डोके काळसर, चपटे आणि नाण्यासारखे वाटोळे होते. "ही आत डोक्याचे झाकण लावून बसते," तो म्हणाला. शेळ्या राखताना आजोबांनी त्याला हे दाखविले होते. अळी त्याने पुन्हा बिळाच्या तोंडाशी ठेवली, आणि ती पाठमोरी आत उतरून गेली. (असे ओढल्याने अळीला इजा होते, म्हणून हा खेळ पुन्हा करू नये असे मी वर्गाला बजावले आहे. वाचकांनीही तो करू नये.)

त्या अळीला मोठेपणी कोणते रूप येते, हे शोधण्यासाठी मी विज्ञानाच्या शिक्षकांकडे गेले. त्यांनी नाव सांगितले : व्याघ्र भुंगेरा, इंग्रजीत टायगर बीटल. भुंगेऱ्यांच्या या कुळातील जवळजवळ २,९०० जाती जगात ज्ञात आहेत आणि दोनशेहून अधिक एकट्या भारतात आढळतात. डब्ल्यू. डब्ल्यू. फौलर यांनी १९१२ साली 'फौना ऑफ ब्रिटिश इंडिया' या ग्रंथमालेतील एका खंडात भारतातील व्याघ्र भुंगेऱ्यांची वर्णने दिली. हा खंड आता संगणकावरही वाचावयास मिळतो. त्यातील लॅटिन नावे मला जड गेली. परंतु एका नावाने माझी वाट अडविली. त्याविषयी पुढे लिहिते.

पुढच्या रविवारी चार-पाच मुलांसह मी दमणगंगेच्या काठी गेले. ही नदी नाशिक जिल्ह्यात, दिंडोरी तालुक्याच्या बाजूस सह्याद्रीत उगम पावते आणि आपल्या प्रदेशातून वाहत जाऊन दमणजवळ समुद्रास मिळते. तिला येऊन मिळणाऱ्या एका नदीचे नावच वाघ असे आहे. पावसाळा सरला की पाणी हटते आणि काठाला ओली वाळू व चिखलाचा पातळ थर उघडा पडतो. दहा-साडेदहाचे ऊन होते. आम्ही दोन पावले टाकली, तोच समोरून काहीतरी उडाले, चार हात पुढे जाऊन उतरले आणि आमच्याकडे तोंड करून उभे राहिले. आम्ही पुन्हा पुढे झालो, तो पुन्हा तेच. माशी म्हणावी तर पाय फार लांब होते. भुंगा म्हणावा तर गुणगुण नव्हती. अखेर आम्ही सारे वाळूत बसलो आणि हालचाल बंद केली. तेव्हा कोठे आम्हाला त्याचे नीट दर्शन घडले.

या कीटकाचे डोके छातीपेक्षा रुंद असते, आणि त्याचे कारण म्हणजे त्याचे डोळे. दोन्ही बाजूंस फुगून बाहेर आलेले हे संयुक्त डोळे असंख्य सूक्ष्म नेत्रिकांचे बनलेले असतात. डोळ्यांच्या पुढे दोन लांब, दोऱ्यासारख्या मिशा. आणि तोंडाशी एकमेकांवरून कातरीसारखे फिरणारे दोन विळे. विळे म्हणण्याचे कारण असे की त्यांचा बाक आणि टोक कोयत्याच्या पात्यासारखे असून आतल्या बाजूस दाते असतात. पाय बारीक व उंच. पाठीवर सर्व भुंगेऱ्यांप्रमाणे कठीण पंखांचे कवच असते. उडावयाचे पंख त्याच्याखाली घडी घालून ठेवलेले असतात. आम्ही पाहिलेल्या किड्याचे कवच दुरून मळकट तपकिरी दिसत होते आणि त्यावर फिक्या रंगाची वेलबुट्टी होती. तो ओल्या वाळूवर थांबला की अगदी डोळ्यांदेखत नाहीसा होई. त्याच कुळातील दुसरे काही मात्र मोरकंठी हिरवे, निळे किंवा तांब्यासारखे झळझळीत असतात.

या रंगाची गोष्ट थोडी विस्ताराने सांगावीशी वाटते. कवचाला कोणी रंग फासलेला नसतो. त्याच्या वरच्या थरात अतिशय पातळ पापुद्रे एकावर एक रचलेले असतात, आणि त्यांवरून परतणाऱ्या प्रकाशकिरणांच्या मिलाफाने रंग उमटतो. मोरपिसाची निळाई आणि साबणाच्या फुग्यावरील रंग हेही असेच, प्रकाशाच्या खेळातून जन्मलेले. मग आमचा मळकट किडा? १९८९ साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात शुल्ट्झ आणि बर्नार्ड या दोघांनी दाखविले की अशा मातकट जातींचे कवच सूक्ष्मदर्शकाखाली धरले असता त्यात निळसर-हिरव्या आणि तांबूस रंगांचे बारीक ठिपके शेजारी शेजारी दिसतात. दुरून पाहणाऱ्याच्या डोळ्यात ते मिसळतात आणि मातीचा रंग तयार होतो. रांगोळीत दोन रंगांची चिमूट जवळजवळ टाकली म्हणजे अंगणाच्या दुसऱ्या टोकाहून तिसराच रंग दिसतो, त्यातला हा प्रकार. म्हणजे जो आम्हाला सर्वांत साधा वाटला, तोही जवळून पाहता रंगीतच निघाला.

आता त्या नावाकडे वळते. लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने १७५८ साली या कीटकांच्या गणाला 'सिसिंडेला' असे नाव दिले. लॅटिन भाषेत हा शब्द काजव्यासारख्या चमकणाऱ्या किड्यासाठी वापरीत, आणि त्याच्या पोटात 'कँडेला' म्हणजे दिवा हा शब्द आहे. हाच 'कँडेला' ग्रीकमधून अरबीत गेला, तेथे 'किंदील' झाला आणि पुढे आपल्या माजघरातला कंदील झाला. भाषेच्या शिक्षिकेला याहून मोठा आनंद तो कोणता? दमणगंगेच्या वाळूवरचा किडा आणि खुंटीवरचा कंदील नावाने एकमेकांचे भाऊबंद निघाले.

पण या कीटकाची खरी ओळख त्याच्या धावण्यात आहे. ऑस्ट्रेलियातील खाऱ्या सरोवरांच्या काठी राहणारी एक जात ताशी सुमारे ९ किलोमीटर वेगाने धावते. ऐकताना हा वेग काही विशेष वाटत नाही; आपल्यापैकी कोणीही त्याहून जोरात पळेल. परंतु तो किडा सुमारे २ सेंटिमीटर लांबीचा असतो. एका सेकंदात तो स्वतःच्या लांबीच्या सव्वाशे पट अंतर तोडतो. माणसाने स्वतःच्या उंचीच्या मानाने इतके धावावयाचे म्हटले तर त्याला ताशी साडेसातशे किलोमीटरच्या वर वेग लागेल. आमच्या नदीकाठचा किडा एवढा वेगवान नसेल; तरी मुंगीमागे सुटला की डोळा त्याच्याबरोबर राहत नाही, एवढे खरे.

आम्ही पाहत होतो तेव्हा एक गोष्ट सर्वांच्याच ध्यानात आली. तो सरळ धावत नव्हता. धावे, एकदम थांबे, किंचित वळे, पुन्हा धावे, पुन्हा थांबे. भक्ष्य तर समोर पळत होते. एका मुलीने विचारले, "बाई, तो दमतो का?" मागच्या खेपेचा धडा मला मिळाला होता, मी म्हणाले, "मला ठाऊक नाही."

उत्तर नंतर वाचनात सापडले. अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठाचे कोल गिल्बर्ट यांनी हाच प्रश्न हाती घेतला आणि १९९७ साली आपले निष्कर्ष मांडले. हा किडा थकून थांबत नाही. तो पाहण्यासाठी थांबतो. एस. टी. च्या खिडकीतून दूरचा डोंगर स्वच्छ दिसतो, पण रस्त्याकडेच्या निवडुंगाची नुसती हिरवी रेघ होते, हा अनुभव आपणा सर्वांचा आहे. डोळ्याला चित्र उमटण्यास पुरेसा प्रकाश गोळा करावा लागतो, आणि त्यास क्षणभर वेळ लागतो. व्याघ्र भुंगेरा ऐन वेगात असतो तेव्हा त्याच्या डोळ्यांना तो क्षण मिळत नाही. समोरचे दृश्य फिसकटते आणि एवढेसे भक्ष्य त्यात हरवते. म्हणून तो थांबतो, भक्ष्य कोठे आहे हे नव्याने हेरतो, आणि त्या दिशेने पुन्हा झेप घेतो. भक्ष्य त्याच्यापेक्षा पुष्कळ हळू पळत असते, त्यामुळे तीन-चार थांब्यांतही त्याला गाठणे त्याला जमते. धावताना तो अगदीच आंधळा होतो असे मात्र समजू नये. भक्ष्य ठळक असेल तर पळता पळताही तो त्याच्या रोखाने वळत राहतो, असे २०१४ सालच्या दुसऱ्या एका अभ्यासात दिसून आले.

मग वाटेत खडा आला तर? याचा शोधही २०१४ सालीच डॅनियल झुरेक आणि गिल्बर्ट यांनी घेतला. धावताना हा किडा आपल्या मिशा इतर कीटकांसारख्या इकडे तिकडे हलवीत नाही. त्या ताठ पुढे करून, टोके जवळजवळ जमिनीला लावून धरतो. संशोधकांनी वाटेत एक बुटका अडथळा ठेवला. ज्या किड्यांचे डोळे रंग लावून झाकले होते ते तो अडथळा सुखरूप पार करून गेले. ज्यांचे डोळे शाबूत होते पण मिशा कापलेल्या होत्या, ते त्यावर जाऊन आदळले. अंध माणसाने रस्त्यावर पुढे धरलेली काठी आठवा. एवढे मोठे डोळे लाभलेल्या प्राण्याला धावताना काठीचा आधार घ्यावा लागतो, हे वाचून मला त्याच्याविषयी भीतीपेक्षा आपुलकीच अधिक वाटू लागली.

भक्ष्य पकडल्यावरचा प्रकार थोडक्यात सांगते, कारण तो जेवणाआधी वाचण्याजोगा नाही. जबड्यांनी भक्ष्याचा चेंदा करून तो त्यावर पाचक रस सोडतो आणि विरघळलेला भाग शोषून घेतो. मुंग्या, माश्या, लहान अळ्या, कोळी यांपैकी काहीही त्यास चालते. शेतकऱ्यांच्या दृष्टीने मोलाची एक गोष्ट येथे नमूद करावयास हवी. फाब्रिसियस याने १७७५ साली नाव दिलेली, पाठीवर सहा पिवळसर ठिपके असलेली एक भारतीय जात भातखाचरांत वावरते. आणि भाताच्या लोंब्यांतील दूध शोषणाऱ्या ढेकण्यांना ती खाते, अशी नोंद कृषिकीटकांवरील जुन्या ग्रंथांत आहे. आपल्याकडे भात हेच मुख्य पीक. तेव्हा बांधावरून चालताना हा सहा ठिपक्यांचा किडा पुढे पुढे उडताना दिसला तर त्याला मारू नये, असे घरी अवश्य सांगावे.

आता पुन्हा टाकीमागच्या त्या बिळाकडे येऊ. मोठा किडा जितका चंचल, तितकी त्याची अळी स्थिर. मादी ओलसर मातीत एकेक अंडे स्वतंत्र घालते. अंड्यातून निघालेली अळी त्याच जागी उभे बीळ खणते. खणलेली माती ती चपट्या डोक्यावर तोलून वर आणते आणि दूर भिरकावते. म्हणूनच बिळाच्या तोंडाशी ढीग नसतो. वारली मुलाच्या प्रश्नाचे उत्तर ते हेच. बीळ पुरे झाले की ती वर येऊन डोके आणि त्यामागचा कठीण भाग तोंडाशी असा बसविते की जमीन सपाट दिसावी. जबडे आकाशाकडे उघडे. डोक्यावरचे बारीक डोळे वरून जाणारे प्राणी टिपत असतात. पाठीवरच्या कुबडावर पुढे वळलेले आकडे असतात. ते बिळाच्या भिंतीत रोवलेले, म्हणजे एखादे दांडगे भक्ष्य सापडले तरी ते अळीलाच बाहेर ओढून नेणार नाही. मुंगी टप्प्यात आली की अळी मागल्या बाजूस कमानीसारखी उसळते, मुंगीला धरते आणि तळाशी घेऊन जाते. आपल्या पावलांची चाहूल लागली तरी ती झटकन खाली जाते. त्यामुळे एक गंमत होते. ती आपल्या जागी असते तेव्हा आपल्याला भोक दिसतच नाही. आम्ही त्या दिवशी पाहिलेली भोके आम्हीच भिवविलेल्या अळ्यांची होती.

अशी ती बसून राहते. अन्न आपण होऊन चालत येईल तेव्हा खावयाचे. न आल्यास आठवडेच्या आठवडे उपाशी राहावयाचे. या अवधीत ती दोनदा कात टाकते, आणि दर खेपेस डोके मोठे झाल्यामुळे बिळाचे तोंड रुंद करते. कात टाकताना, तसेच फार कोरडे पडले अथवा पाणी आले तर, ती आतून मातीचे बूच लावून घेते. शेवटी त्याच बिळात कोश होतो आणि त्यातून पंखांचा किडा बाहेर येतो. थंड देशांत या सर्वांस दोन-तीन वर्षेही लागतात. उष्ण प्रदेशांत ओल आणि अन्न मनाजोगते मिळाले तर वर्षभरात काम होते. पंख फुटल्यावरचे आयुष्य त्या मानाने अल्प. नदीकाठी आपल्याला दिसते ती या प्राण्याच्या जीवनाची केवळ अखेरची काही पाने होत.

एवढ्या सावध शिकाऱ्यालाही शत्रू आहेत. मेथोका नावाची एक गांधीलमाशी आहे. तिची मादी बिनपंखी, मुंगीसारखी दिसणारी. ती मुद्दाम बिळाच्या तोंडाशी येते आणि स्वतःला पकडू देते. तिचे अंग इतके सडपातळ की जबड्यांच्या फटीत ती चिरडत नाही. तेवढ्यात ती अळीच्या गळ्याशी नांगी मारून तिला लुळी पाडते, तिच्यावर अंडे घालते आणि जाताना बिळाचे तोंड बुजवून टाकते. अफझलखानाच्या भेटीचा धडा शिकविताना हा दाखला मी वर्गात एकदा दिला. उपमा पूर्णपणे जुळत नाही हे मला मान्य आहे, पण मुलांना ती आवडली. दुसरा शत्रू एक केसाळ माशी. ती बिळावर अधांतरी तरंगत राहून वरूनच आत अंडी फेकते.

मोठ्या किड्याच्या आणखी दोन सवयी सांगून पुढे जाते. भर दुपारी वाळू तापली की तो पाय ताठ करून अंग उंच उचलतो, कारण जमिनीपासून चार-सहा मिलिमीटर वरचीही हवा त्या मानाने थंड असते. ऊन फारच झाले तर सावली गाठतो. आणि ज्या जाती रात्री उडतात त्यांच्यापैकी काही वटवाघळाचा कर्णातीत आवाज ऐकून, पंखांच्या साहाय्याने तसाच आवाज उलट काढतात, असे २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतील प्रयोगांत आढळले. तेथील विषारी पतंगही असाच आवाज काढतात. तेव्हा वटवाघळाने फसून आपल्याला सोडून द्यावे, असा या भुंगेऱ्यांचा डाव असावा, असा त्या संशोधकांचा तर्क आहे.

अळीचे एका जागी खिळलेले असणे, या एका गोष्टीवर मी इतका वेळ घालविला याला कारण आहे. पंखवाला किडा माणूस आला की उडून जातो. अळी खाली सरकते, एवढेच तिच्या हाती असते. अमेरिकेच्या एका किनाऱ्यावरील जातीच्या अळ्या बाहेर काढल्या असता उसळी मारून अंगाचे चाक करतात आणि वाऱ्यावर घरंगळत दूर जातात, असे २०११ साली दिसून आले आहे. पण हा विलक्षण अपवाद होय. इतरांना जन्मस्थान हेच घर, आणि ते घर म्हणजे विशिष्ट कणांची, विशिष्ट ओलीची, उघडी जमीन. ती खणली, बुडाली किंवा झाकली गेली की त्या पिढीचा शेवट होतो. त्याच देशात कोलंबिया नदीच्या वाळवंटांत राहणारी एक जात होती. नदीवर धरणे झाली, वाळूचे काठ पाण्याखाली गेले आणि त्या मुख्य नदीवरून ती नाहीशी झाली. आता ती आयडाहो प्रांतातील सॅमन नदीच्या काठी तेवढी उरली आहे. नेब्रास्कातील लिंकन शहराजवळच्या खाऱ्या ओढ्याकाठच्या दुसऱ्या एका जातीला २००५ साली सरकारी संरक्षण द्यावे लागले.

आपल्या दमणगंगेवरही मधुबन येथे धरण आहे, आणि काठांवर वस्ती व कारखाने वाढत आहेत. वाळूचा उपसा हे तर सर्वच नद्यांचे दुखणे आहे. एका किड्यासाठी एवढी चिंता कशाला, असे कोणी विचारील. पिअर्सन आणि कासोला या शास्त्रज्ञांनी १९९२ साली उत्तर अमेरिका, भारतीय उपखंड आणि ऑस्ट्रेलिया यांचे चौकोन पाडून तुलना केली. ज्या भागात व्याघ्र भुंगेऱ्यांच्या जाती अधिक, तेथे पक्ष्यांच्या आणि फुलपाखरांच्या जातीही बहुधा अधिक, असे त्यांना आढळले. पक्ष्यांची संपूर्ण मोजदाद करावयास वर्षे लागतात. उघड्यावर धावणारा हा किडा त्या मानाने लवकर मोजून होतो. नाडी पाहून वैद्य जसा शरीराचा अंदाज घेतो, तसा या किड्यावरून रानाचा अंदाज घेता येतो.

आता शाळेच्या पट्ट्याविषयी. पावसाळ्यात प्रार्थनेच्या वेळी मुलांना चिखलात उभे राहावे लागते, म्हणून मैदानाच्या कडेने सिमेंटच्या लाद्या बसविण्याचे ठरले आहे. काम फाटकापासून टाकीपर्यंत आले आहे. चिखलाची अडचण खोटी नव्हे. पहिलीतल्या मुलांचे भिजलेले पाय मीही पाहते. टाकीमागे प्रार्थनेला कोणी उभे राहत नाही, तेव्हा तेवढा कोपरा उघडा ठेवावा, असा अर्ज आठवीच्या मुलांनी शुद्ध मराठीत लिहिला आणि तो मी पुढे दिला. निर्णय व्हावयाचा आहे. अर्जासोबत बिळांची संख्या जोडावयाची होती, म्हणून मुलांनी प्रत्येक बिळाजवळ एक बांबूची काडी रोवली आणि तीवर क्रमांक टाकला. सकाळी शाळा भरण्यापूर्वी, पावले न वाजविता जाऊन, लांबूनच झाकणे मोजावयाची, असा नियम त्या वारली मुलाने घालून दिला आहे. मोजणीची वही त्याच्याकडे असते.

परवाच्या सोमवारी तेवीस काड्यांपैकी बावीस ठिकाणी नोंद झाली. चौदा क्रमांकाचे बीळ आतून मातीने बंद होते. "मेली असेल," असे एक जण म्हणाला. वही सांभाळणाऱ्याने काही न बोलता त्या रकान्यात प्रश्नचिन्ह काढले. आज सकाळी त्याने मला हाक मारून नेले. चौदा क्रमांकाचे बूच निघाले होते, झाकण जागेवर होते, आणि बिळाचे तोंड पूर्वीपेक्षा रुंद झाले होते.